मुंबई ते न्यूअर्क, खाली समुद्र आणि दोनच इंजिनं : कसबा बावड्याच्या ताईंना उत्तर

कसबा बावड्याच्या एका ताईंनी विचारलंय, त्यांचा प्रश्न थोडक्यात असा. मुलगी न्यू जर्सीला असते, तिचं बाळंतपण डिसेंबरात, म्हणून ताई नोव्हेंबरात एकट्या निघणार, उजळाईवाडीहून मुंबई आणि तिथनं थेट न्यूअर्क. मागं मुलगी गेली तेव्हा ताई मोबाईलवर विमान बघत बसल्या होत्या, ते आयर्लंडच्या पुढं गेलं, समुद्रावर थांबल्यासारखं झालं आणि गायबच झालं, मग रात्रभर डोळ्याला डोळा नाही. त्यात अहमदाबादला अपघात झाल्यापासून घरचे म्हणतात जाऊच नको. त्या विचारतात की समुद्रावर रस्ता नाही, पाटी नाही, रडार पण नाही म्हणतात, मग विमानाला वाट कळते कशी, दोन इंजिनांतलं एक बंद पडलं तर काय, आणि जीपीएस जाम करतात अशी बातमी आलेली ती खरी का.

ताई, मी एकतीस वर्षं फ्लाइट डिस्पॅचर म्हणून काम केलं, बहुतेक सगळं मुंबईत, आता रिटायर होऊन राजारामपुरीत असतो. डिस्पॅचर म्हटलं की लोकांना वाटतं सामान चढवणारा, पण ते काम वेगळं. विमान सुटायच्या तीन-चार तास आधी जमिनीवर बसून कुठल्या वाटेनं जायचं, किती उंचीवरनं, वारा कसा, इंधन किती, वाटेत काही झालं तर कुठं उतरायचं हे सगळं जो कागदावर मांडतो तो डिस्पॅचर, आणि त्या कागदावर आधी माझी सही आणि मग कॅप्टनची. त्यामुळं तुमचे हे जे प्रश्न आहेत ना ते माझे रोजचे प्रश्न होते, पगारच त्याचा होता, म्हणून जरा सविस्तर लिहितो, वेळ काढून वाचा.

आधी ते गायब झालेलं विमान. ॲपवर जे दिसतं ते कसं दिसतं बघा, विमान स्वतःची जागा सारखी रेडिओवरनं सांगत असतं आणि जगभर लोकांनी गच्चीवर, कंपन्यांनी टॉवरवर छोटे रिसीव्हर बसवलेत, ते ऐकून नकाशावर टाकतात. पण हा रेडिओ सरळ रेषेत जातो, पृथ्वी गोल आहे, त्यामुळं विमान कितीही उंच असलं तरी किनाऱ्यापासून साधारण चारशे किलोमीटर गेलं की ऐकू येणं बंद. जोतिबाच्या डोंगरावर उभं राहून कोल्हापूर दिसतं पण पुणं दिसत नाही, म्हणजे पुणं नाहीसं झालं असं नाही ना. रडारचंही तसंच, म्हणून भर समुद्रावर रडार नसतं हे तुम्ही ऐकलंय ते बरोबर आहे. पण त्याच वेळी ते विमान सॅटेलाइटवरनं ठरावीक मिनिटांनी आपली जागा, उंची, वेग कंट्रोलरला, म्हणजे जमिनीवर बसून विमानांना वाट आणि उंची देणाऱ्या माणसाला, आपोआप कळवत असतं, पायलट आणि कंट्रोलर एकमेकांना टाइप करून मेसेज पाठवतात, आणि ते बंद पडलं तर जुना एचएफ रेडिओ असतोच, त्याच्यावर खरखर लई असते पण हजारो किलोमीटर जातो. अटलांटिकच्या उत्तर भागातली बहुतेक विमानं दोन सेंटर सांभाळतात, कॅनडाच्या बाजूनं गँडर आणि आयर्लंड-ब्रिटनच्या बाजूनं शॅनविक, आणि 2019 पासून तर विमानाचा तोच सिग्नल वरनं सॅटेलाइट पकडतात, म्हणजे ज्या रात्री तुमच्या मोबाईलवर विमान नव्हतं त्या रात्री कंट्रोलरच्या स्क्रीनवर ते होतं.

हे सगळं असंच झालेलं नाही. 8 मार्च 2014 ला मलेशियाचं एमएच 370 हे विमान 239 माणसं घेऊन नाहीसं झालं, त्यानंतर सगळ्या जगाला प्रश्न पडला की आजच्या काळात एवढं मोठं विमान कुठं आहे हे कळू नये असं होतंच कसं, आणि मग नोव्हेंबर 2018 पासून नियम आला की समुद्रावर असताना विमान कुठं आहे हे कंपनीला निदान दर पंधरा मिनिटांनी कळलंच पाहिजे.

आता वाट. तुमच्या भिंतीवरच्या नकाशात मुंबई आणि न्यूयॉर्क पट्टीनं जोडलं तर रेघ अरबस्तान आणि सहारा वाळवंटावरनं जाते, आणि ॲपवर विमान बघावं तर वर उत्तरेकडं वळलेलं, म्हणून माणसाला वाटतं हे उगाच थंडीकडं कशाला चाललंय. घरात पोरांचा पृथ्वीगोल असेल तर त्याच्यावर एक दोरा मुंबईपासून न्यूयॉर्कपर्यंत ताणून धरा, ढिला नको, ताणलेला. दोरा आपोआप वर सरकतो, मध्य आशिया, रशिया, मग नॉर्वे-स्वीडनच्या बाजूनं आईसलंड आणि ग्रीनलंडच्या खालच्या टोकाजवळनं कॅनडात उतरतो. तोच सगळ्यात जवळचा रस्ता, साधारण साडेबारा हजार किलोमीटर. प्रत्यक्षात आपण त्याच दोऱ्यावरनं जात नाही कारण मध्ये कुठं लढाई चालू असते, कुणी आकाश बंद केलेलं असतं, एप्रिल 2025 मध्ये तर पाकिस्तानचं आकाश आपल्या विमानांना बंद झालं, आणि अमेरिकेकडं जाताना अंगावर येणारा पश्चिमेचा जोरदार वारा असतो, हिवाळ्यात तर जास्तच, तो जिथं कमी तिथनं जायचं. म्हणून रोजची वाट वेगळी असते. जाताना सोळा तास लागले आणि येताना तेरा-चौदाच लागले तर तो वाऱ्याचा हिशोब, पायलटनं घाई केली असं काही नाही.

मग विमानाला कळतं कसं. रात्री लाईट गेली की आपण अंधारात पलंगापासून स्वयंपाकघरापर्यंत जातो की नाही, चार पावलं सरळ, मग डावीकडं वळायचं, मग तीन पावलं, बाहेरचं काही दिसत नाही पण आपण किती हललो ते अंगाला कळतं. विमानात तसंच एक यंत्र असतं, इनर्शियल म्हणतात त्याला, आत वळणं मोजणारे लेझरचे जायरो आणि वेग वाढला-कमी झाला ते मोजणारे सेन्सर. सुटायच्या आधी विमान जागेवर स्थिर असताना दहा-एक मिनिटं ते पृथ्वीचं फिरणं ओळखून उत्तर कुठं ते ठरवतं, त्याला सुरुवातीची जागा सांगायची, आणि तिथनं पुढं प्रत्येक वळण, प्रत्येक झटका मोजत ते स्वतःच सांगत राहतं की आपण आता इथं आहोत. याला बाहेरचा कुठलाही सिग्नल लागत नाही, त्यामुळं ते कुणाला जाम करता येत नाही. चूक साचते, तासाला दोन-तीन किलोमीटरपर्यंत, पण अशी तीन यंत्रं असतात, ती एकमेकांना ताडून बघतात, आणि वरनं जीपीएस त्यांना सारखं दुरुस्त करत असतं. जमिनीजवळ आलं की खालची रेडिओ स्टेशनं असतात तो आणखी एक आधार.

जीपीएसची बातमी खरी आहे. 2023 च्या शेवटाला इराक-इराणच्या बाजूला विमानांना खोटे सिग्नल मिळायला लागले, म्हणजे नुसतं जाम नाही, तर तुम्ही इथं नाही तिथं आहात असं सांगणारे, आणि आपल्या डीजीसीएनं, म्हणजे विमान कंपन्यांवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी खात्यानं, नोव्हेंबर 2023 मध्ये सगळ्या कंपन्यांना त्याबद्दल सूचना काढल्या. हा विषय मी हलका करून सांगणार नाही, कारण खोट्या जीपीएसमुळं घड्याळ चुकतं, डोंगर जवळ आला असा खोटा इशारा पण वाजतो, पायलटची धावपळ होते. पण आता त्या पट्ट्यात शिरायच्या आधीच पायलटला माहीत असतं, जीपीएसचं ऐकणं बंद करून इनर्शियल आणि खालच्या स्टेशनांवर जातात, आणि त्या बाजूला रडार असल्यामुळं कंट्रोलर सांगू शकतो. मी असतो तर असल्या पट्ट्यातनं जाणाऱ्या प्लॅनवर जास्तीचं इंधन टाकलं असतं, बास, घाबरलो नसतो.

आता एक गोष्ट सांगतो जी आम्हाला ट्रेनिंगमध्ये सांगितली आणि पुढं मी प्रत्येक नवीन पोराला सांगितली. 24 जानेवारी 1966, आपलं कांचनजंगा नावाचं बोइंग 707 मुंबईहून दिल्ली, बैरुत, जिनिव्हा करत लंडनला निघालेलं, जिनिव्हाला उतरायच्या तयारीत असताना माँट ब्लांक डोंगरावर आदळलं, 117 जणं गेली, त्यातच डॉ. होमी भाभा होते. जमिनीवरच्या रेडिओ स्टेशनवरनं दिशा कळायला विमानात दोन व्हीओआर रिसीव्हर होते, त्यातला एक बंद होता. कंट्रोलर रडारवर बघत होता आणि त्यानं तोंडी सांगितलं की डोंगराला अजून इतकं अंतर आहे, पायलट समजला की डोंगर मागं पडला, आणि खाली उतरायला लागला. दोघंही शहाणे, दोघंही जागे, पण एकाच्या डोक्यातलं चित्र दुसऱ्याच्या डोक्यातल्या चित्राशी जुळलं नाही आणि ते जुळलंय का हे तपासायला तिसरं काही नव्हतं. त्याच डोंगरावर 1950 साली आपलं मलाबार प्रिन्सेस पण पडलेलं. आज कॉकपिटमध्ये डोंगरांचा नकाशा असतो, जमीन जवळ आली तर यंत्र ओरडतं, आणि कंट्रोलरनं सांगितलेली उंची, दिशा पायलटनं परत म्हणून दाखवायची, चुकीची म्हटली तर कंट्रोलरनं तिथंच अडवायचं.

दुसरी गोष्ट 1983 ची, कोरियाचं 007 नंबरचं विमान अलास्काहून सोलला जात होतं, इनर्शियल यंत्रं चालू होती पण ऑटोपायलट त्यांच्याशी जोडलाच गेला नाही, नुसती एक दिशा धरून विमान तासन्‌तास चालत राहिलं, शेकडो किलोमीटर वाट सोडून सोव्हिएत हद्दीत गेलं आणि त्यांनी पाडलं, 269 माणसं. त्यानंतर अमेरिकेनं जाहीर केलं की जीपीएस तयार झालं की ते सगळ्या जगाच्या विमानांना मोफत वापरता येईल. तुमच्या मोबाईलमधला मॅप जो आपण भवानी मंडपातनं घरी जायला पण वापरतो त्याच्यामागं ती 269 माणसं आहेत, हे मला कधी विसरता आलं नाही.

आणि यंत्र कितीही भारी असलं तरी त्यात नंबर माणूसच घालतो. समुद्रावर पाट्या नसतात म्हणून अक्षांश-रेखांशाचे ठिपके ठरवलेले असतात आणि एका ठिपक्यावरनं दुसऱ्यावर जायचं. एका अक्षांशाची चूक म्हणजे 111 किलोमीटर, कोल्हापूरऐवजी कराडच्या पण पुढं. एका कॅप्टननी मला स्वतः सांगितलेलं, अटलांटिकवर शिरायच्या आधी कंट्रोलरनं वाट थोडी बदलून दिली, त्यांनी नवीन ठिपका टाकताना 51 च्या जागी 52 टाकला, थकवा होता, रात्रीचे तीन वाजलेले. शेजारच्या को-पायलटनं नियमाप्रमाणं त्यांनी काय टाकलं ते न विचारता कंट्रोलरचा मेसेज स्वतः वाचून अंतर आणि दिशा काढली, आकडे जुळेनात, म्हणाला सर एकदा बघा. तीस सेकंदांत दुरुस्त. को-पायलट सव्वीस वर्षांचा, कॅप्टनची सव्वीस वर्षं सर्व्हिस. हे "सर एकदा बघा" म्हणायला त्या पोराला लाज वाटली नाही आणि कॅप्टनला राग आला नाही, याला मी कुठल्याही कॉम्प्युटरपेक्षा जास्त मानतो. ठिपका ओलांडल्यावर दहा मिनिटांनी परत एकदा बघायचं असतं की आपण बरोबर वाटेवर आहोत ना, पूर्ण समुद्रभर हे चालू असतं, तुम्ही झोपलेल्या असताना.

आता तुमचा मोठा प्रश्न, इंजिन. पूर्वी दोन इंजिनांच्या विमानाला नियमच होता की कुठल्याही क्षणी जवळचं विमानतळ एका इंजिनावर साठ मिनिटांच्या आत असलं पाहिजे, म्हणून समुद्रावरनं तीन-चार इंजिनांची विमानं जायची. 1985 मध्ये पहिल्यांदा 120 मिनिटांची परवानगी मिळाली, मग 180, याला ईटॉप्स म्हणतात. ही परवानगी विमान विकत घेतलं की मिळाली असं नसतं, कंपनीला कमवावी लागते आणि टिकवावी लागते. 180 मिनिटांसाठी जगभरातल्या त्या इंजिनांचा हिशोब मांडतात, हवेत इंजिन बंद पडायचं प्रमाण पन्नास हजार तासांत एकापेक्षा जास्त गेलं तर परवानगीच धोक्यात येते. पन्नास हजार तास म्हणजे एक इंजिन दिवसरात्र न थांबता साडेपाच वर्षांपेक्षा जास्त चालवायचं. बंद पडलंच तर विमान दगडासारखं पडत नाही, एका इंजिनावर हळूहळू खाली येऊन कमी उंचीवर चालत राहतं, तीन तास जायचं तर तीन तास जातं.

उद्यमनगरातल्या कारखान्यांत काम करणाऱ्या माणसांना यातली एक गोष्ट लगेच पटेल. 1983 मध्येच मायामीजवळ तीन इंजिनांच्या एका विमानाची तिन्ही इंजिनं ऑइल गळून एकामागनं एक बंद पडली. कारण काय तर आदल्या रात्री मेंटेनन्समध्ये तिन्ही इंजिनांवर एक छोटा पार्ट बदलला आणि त्याच्या ओ-रिंगा बसवायच्याच राहिल्या. समुद्रावर अगदी खाली आल्यावर एक इंजिन परत चालू झालं आणि सगळे सुखरूप उतरले. इंजिनं तीन होती पण चूक एकच होती आणि ती तिन्हीकडं झाली. म्हणून ईटॉप्समध्ये नियम आहे की एकाच मेकॅनिकनं एकाच वेळी दोन्ही इंजिनांवर तेच काम करायचं नाही, करावंच लागलं तर दुसऱ्यानं वेगळं तपासायचं. मला विचाराल तर इंजिनाच्या संख्येपेक्षा हा नियम मोठा.

खरं सांगू का, आम्हाला डेस्कवर एका इंजिनापेक्षा जास्त काळजी केबिनमधली हवा गेली तर काय याची असायची, लोक हे विचारत नाहीत. पस्तीस हजार फुटांवर प्रेशर गेलं तर वरनं मास्क पडतात, त्यात ऑक्सिजन साधारण पंधरा-वीस मिनिटांचा असतो, तेवढ्यात विमान दहा हजार फुटांवर आणायचं जिथं नुसता श्वास घेता येतो. म्हणून विमान जोरात खाली येतं, ते पडतंय असं वाटतं पण पडत नसतं, मुद्दाम आणलेलं असतं. पण खाली हवा दाट, इंधन भसाभस जळतं, आणि म्हणून समुद्राच्या मधल्या बिंदूवर प्रेशर गेलं तर तिथनं खालच्या उंचीवरनं जवळच्या विमानतळापर्यंत पोचायला किती इंधन लागेल तो आकडा आम्ही आधीच काढतो आणि बऱ्याच वेळा इंधन किती टाकायचं हे तोच आकडा ठरवतो. त्या मधल्या बिंदूला आम्ही ईटीपी म्हणतो, तिथनं मागं जायला आणि पुढं जायला सारखाच वेळ. ईटीपीच्या अलीकडं काही झालं तर समजा आयर्लंडचं शॅनन, पलीकडं झालं तर कॅनडातलं गँडर किंवा गूज बे, उत्तरेकडनं गेलं तर आईसलंडचं केफ्लाविक. गँडर हे एवढंसं गाव पण 11 सप्टेंबर 2001 ला अमेरिकेचं आकाश बंद झालं तेव्हा 38 मोठी विमानं तिथं उतरली होती.

एका जानेवारीतली रात्र अजून आठवते. प्लॅन तयार, केफ्लाविक धरून काढलेला, आणि सुटायच्या तासाभर आधी तिथला नवीन अंदाज आला, बर्फ आणि आडवा वारा, आमच्या मर्यादेबाहेर. तिथं उतरायची गरज पडणार नाही हे मलाही माहीत, कॅप्टनलाही माहीत, पण उतरता येणार नाही अशी जागा कागदावर ठेवून सही करायची नसते. वाट दक्षिणेला सरकवली, इंधन वाढवलं, त्यापायी थोडं कार्गो उतरवावं लागलं, पन्नास मिनिटं उशीर. वरनं मला फोन आला, जरा चढ्या आवाजातच, की एवढ्यासाठी उशीर कशाला. कॅप्टन माझ्या शेजारीच उभे होते, त्यांनी फोन घेतला आणि म्हणाले, सही मी पण केलीय. ते विमान ठरल्या वेळेच्या तासभर उशिरा पोचलं आणि साडेतीनशे माणसं नुसती वैतागून घरी गेली. त्या गेटवर बसून शिव्या घालणाऱ्यांना कुणी सांगत नाही की हे चाललंय, सांगायला पाहिजे असं माझं मत आहे.

इंधनाचं लवकर सांगतो. एवढ्या प्रवासाला शंभर टनांच्या वर जळतं. त्याच्यावर अंदाज चुकला तर म्हणून साधारण पाच टक्के, ठरलेल्या ठिकाणी उतरता आलं नाही तर दुसऱ्या विमानतळापर्यंतचं, आणि त्याच्यावर आणखी तीस मिनिटांचं, ज्याला हात लागणार असं दिसलं की पायलटला इमर्जन्सी जाहीर करावी लागते. आणि कॅप्टननी अजून दोन टन मागितलं तर मी कधी कारण विचारलं नाही.

तुमच्या हातात असलेली एकच गोष्ट आहे आणि ती मी हात जोडून सांगतो, पट्टा. दिवा बंद असला तरी बसल्या जागी पट्टा लावूनच ठेवायचा, झोपताना चादरीच्या वरनं लावायचा म्हणजे एअर होस्टेस उठवणार नाही. 21 मे 2024 ला लंडन-सिंगापूर विमान म्यानमारवर अचानक हवेच्या धक्क्यात सापडलं, एक जण गेला, कितीतरी जखमी झाले, ज्यांचे पट्टे नव्हते ते छतावर आपटले. विमान नीट उडत होतं, ते बँकॉकला उतरलं. आणि सोळा तास आहेत तर दर दोन-तीन तासांनी आसपास सगळं शांत असताना एकदा उठून चाला, पाय सुजतात, पाणी पीत राहा, बीपीच्या गोळ्या असतील तर हातातल्या पिशवीत, मोठ्या बॅगेत नको.

आणि घरच्यांना एक कागद लिहून द्या, फ्रिजवर लावायला. मुंबईहून सुटल्यावर साधारण नऊ-दहा तासांनी विमान आयर्लंडजवळ दिसेल, तिथनं पुढं तीन-चार तास ॲपवर थांबल्यासारखं किंवा गायब दिसेल, मग कॅनडाच्या किनाऱ्याजवळ न्यूफाउंडलंडला परत उगवेल, आणि तिथनं न्यूअर्क अजून दोन-अडीच तास. मधल्या वेळात त्यांनी झोपून घ्यावं, कारण उतरल्यावर इमिग्रेशनची लाईन संपून तुमचा फोन यायला आणखी दीड-दोन तास लागतील.